धुडकूचा तिसरा प्रश्न

वामनभाऊंच्या हातात माझ्या वडिलांचं नाव मी दिलं होतं. माझ्या हाताने, माझ्या अक्षरात, वहीच्या अर्ध्या पानावर लिहून. हे एवढं वाक्य लिहायला माझी पन्नाशी उलटावी लागली. मधल्या काळात मी ही गोष्ट पुष्कळांना सांगितली, पण दर वेळी ते अर्धं पान गाळून. पान गाळलं की गोष्ट फार सोपी होते. एका नावाजलेल्या कलावंताने भर कार्यक्रमात एका साध्या मेस्तरीची अब्रू घेतली आणि मेस्तरीच्या मुलाने मोठं होऊन त्याचा वचपा काढला. ऐकणाऱ्यांना ही गोष्ट आवडायची. एकदा एरंडोलच्या एका हेडमास्तरांनी माझ्या पाठीवर थाप मारून ‘शाब्बास’ म्हटलं होतं आणि मी ती शाब्बासकी घेतली होती. आज ते पान परत गोष्टीत घालून लिहितो आहे.

धुळ्याला आमचं घर जिनिंग फॅक्टरीच्या मागच्या भिंतीला लागून होतं. दसऱ्याला कापसाचा हंगाम सुरू झाला की भिंत थरथरायला लागायची, ती पार होळीपर्यंत. फळीवरची पितळी भांडी आपोआप पुढे सरकत यायची आणि माय दर संध्याकाळी ती मागे ढकलायची. कापसाचं पीस घरभर असायचं. दुधावर, भाकरीवर, माझ्या वहीवर. पानात शेवभाजी वाढली की तिच्या लाल तर्रीवर एखादं पांढरं पीस येऊन बसायचं आणि आबा ते बोटाने अलगद काढून मिशीला पुसायचे. आबा म्हणजे माझे वडील, उखा मेस्तरी. फॅक्टरीतली सगळी यंत्रं त्यांच्या ताब्यात होती. एखादं यंत्र कुरकुरायला लागलं की शेठ स्वतः त्यांना बोलावून घ्यायचे. आबा हातभर लांबीचा स्क्रूड्रायव्हर यंत्राला टेकवायचे, त्याची मूठ कानाला लावायचे, डोळे मिटायचे आणि सांगायचे, “डावी बेरिंग.” बेरिंग डावीच निघायची. कामगार म्हणायचे, मेस्तरीना कान म्हंजे देवनी देन शे. हंगामामागून हंगाम त्या गोंगाटात काढून ते कान कधीचेच गेले होते. स्क्रूड्रायव्हर कानाला लावलेला असायचा, पण दुसरा हात यंत्राच्या अंगावर पालथा टेकलेला असायचा. आबा तळहाताने ऐकायचे.

हे आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी कधी बोललं नव्हतं. बहिरा हा शब्द आमच्या घरात उच्चारला गेल्याचं मला आठवत नाही. आमच्याकडे फक्त काही रिती होत्या. पाठमोरं बोलायचं नाही. बोलण्याआधी आबांची बाही ओढायची. भाकरीचा घास तोंडात असताना बोलायचं नाही, कारण मग ओठ नीट दिसत नाहीत. जेवायच्या जागी दिवा असा लावलेला होता की त्याचा उजेड बोलणाऱ्याच्या तोंडावर पडावा. मला वाटायचं, सगळ्यांच्याच घरी असं असतं. बाहेर मात्र लोक तोंड फिरवून बोलायचे, विडी ओठात धरून बोलायचे, आणि अशा वेळी आबांकडे एक ठरलेलं उत्तर होतं. मान जराशी तिरकी करून, हसून म्हणायचं, “हां हां, बरोबर.” दहातल्या नऊ वेळा ते खपून जायचं. माणसं बहुतेक वेळा एवढंच ऐकायला बोलत असतात, हे मला पुढे स्टेजवर उभं राहिल्यावर कळलं.

वामनभाऊ आमच्या शाळेत चित्रकला शिकवायचे. उंच, सडसडीत, गुळगुळीत दाढी, बोलणं पुस्तकासारखं शुद्ध. पण त्यांच्या मांडीवर धुडकू बसला की वर्गाचा कायापालट व्हायचा. धुडकू म्हणजे त्यांचा बोलका बाहुला. कागदाच्या लगद्याचं डोकं, सायकलच्या ब्रेकच्या तारेवर चालणारा लाकडी जबडा, डोक्यावर मळकी टोपी. भाऊ शुद्ध मराठीत विचारायचे आणि धुडकू अहिराणीत उत्तर द्यायचा.

“धुडकू, आज गृहपाठ का केला नाहीस?”

“कालदिन तुमीज सांगं ना, देखीसन काढानं नही! मंग मी डोया मिटीसन बसनू, झोप लागी गई!”

शाळेत अहिराणी बोललं की छडी बसायची. धुडकूला कुणी मारू शकत नव्हतं, म्हणून तो आमच्या सगळ्यांच्या वतीने बोलायचा. भाऊ आधी शाळांमधून, मग गणपतीत, मग लग्नांच्या मांडवांतून कार्यक्रम करायला लागले आणि एक दिवस मुंबईहून त्यांना टीव्हीवर बोलावणं आलं. घरातल्या लहानथोरांनी एकत्र बसून बघायचा कार्यक्रम, महिन्यातून एका रविवारी. त्या रविवारी आमची गल्ली ओस पडायची. कंपासपेटीवर धुडकूचं चित्र आलं. सणासुदीला मुंबईच्या नाट्यगृहांत त्यांचे दुपारचे खेळ लागायचे. एवढं होऊनही भाऊ सोमवारी सकाळी शाळेत हजर असायचे आणि आम्हाला मडक्याची सावली काढायला शिकवायचे.

मी त्यांच्या मागे लागून ती कला शिकलो. रोज सकाळी आरशासमोर दातांत पेन्सिल धरून बसायचो. ओठ न मिटता प, फ, ब, भ, म काढणं हीच सगळी परीक्षा. जीभ वरच्या दातांमागे अशी लावायची की ऐकणाऱ्याला म ऐकू यावा आणि बघणाऱ्याला ओठ दगडासारखे दिसावेत. सहा महिन्यांनी भाऊंनी माझ्या ओठांवर बोट ठेवून मला ‘मामाचा पोपट’ म्हणायला लावलं आणि बोट काढून म्हणाले, “जमलं रे मधू. आता तू बोलतोस ते कुणाच्या बापाला कळणार नाही.” त्या दिवशी मी धावत घरी गेलो आणि आबांची बाही ओढून त्यांच्यासमोर उभा राहिलो. हाताची मूठ करून तिचा बाहुला केला आणि ओठ मिटल्यासारखे ठेवून बोललो. काय बोललो ते आठवत नाही. आबांची नजर माझ्या ओठांवर खिळलेली होती. पुष्कळ वेळ. मग त्यांनी मान तिरकी केली, हसले आणि म्हणाले, “हां हां, बरोबर.” हे उत्तर त्यांनी घरात कुणाला दिल्याचं मी पहिल्यांदा ऐकलं. मी तेव्हा सोळा वर्षांचा होतो, मूर्ख होतो, आणि फार खूष होतो.

आता ते पान. कुठल्याही कार्यक्रमाआधी भाऊ तिथल्या एखाद्या माणसाला बाजूला घेऊन खबर काढायचे. कोण घोरतो, कोण चहात बोट बुडवून बघतो, कुणाची सासू कडक आहे. त्या खबरी चिठ्ठीवर लिहून घ्यायचे आणि मग स्टेजवरून धुडकू सर्वज्ञ असल्यासारखा एकेकाला नावानिशी उठवायचा. पुढे पुढे चिठ्ठी करायचं काम माझ्याकडे आलं. भाऊंचा एक नियम होता. एका माणसाला तीन प्रश्न. “पहिल्याला लोक हसतात,” ते सांगायचे, “दुसऱ्याला जोरात हसतात, आणि तिसऱ्याला तो माणूस स्वतः हसतो. तो हसेपर्यंत सोडायचं नाही. नाही तर ती मस्करी राहत नाही, मारहाण होते.”

खंडेनवमीला फॅक्टरीत यंत्रांची पूजा व्हायची. यंत्रांना झेंडूच्या माळा, हळदकुंकू, नारळ, आणि दुपारी आवारात कामगारांच्या बायकापोरांसकट जेवण. त्या वर्षी शेठने टीव्हीवरच्या वामनभाऊंना बोलावलं. चिठ्ठी अर्थातच मी केली. पाच नावं लिहिली आणि पाचव्या ओळीत लिहिलं: ‘उखा मेस्तरी. काहीही विचारा, हां हां बरोबर म्हणतात. फार मजा येते.’ मला काय हवं होतं ते आजही स्पष्ट आठवतं. शेठच्या पुढ्यात, सगळ्या फॅक्टरीसमोर, टीव्हीवरच्या धुडकूने माझ्या बापाचं नाव घ्यावं. एवढंच. ज्या माणसाचं अर्धं आयुष्य दुसऱ्यांच्या ओठांवर चाललेलं होतं त्याच्यापुढे मी एक न हलणारे ओठ उभे करत होतो, हे माझ्या डोक्यात आलंच नाही.

आबा पहिल्या रांगेत बसले होते. धुवट पांढरा शर्ट, कपाळावर यंत्राच्या पूजेचं कुंकू. धुडकूने चार जणांना हसवून झाल्यावर टोपी सारखी केली.

“ओ उखा मेस्तरी! आठे देखा. ते मशीन म्हतारं व्हयनं का तुमी म्हतारा व्हयनात?”

शेजारच्याने आबांना कोपर मारलं. आबा उठून उभे राहिले. त्यांनी भाऊंच्या तोंडाकडे पाहिलं. तोंड मिटलेलं. बाहुल्याच्या तोंडाकडे पाहिलं. लाकडी जबडा नुसता वरखाली. त्यांनी मान तिरकी केली.

“हां हां, बरोबर.”

लोक हसले. मीही हसलो. शेठ मांडीवर थाप मारून हसले.

“अन् आपला शेठ? पक्का चिंगूस शे ना?”

“हां हां, बरोबर.”

आता आवार दणाणलं. बायका पदर तोंडाला लावून हसत होत्या. “वाह मेस्तरी, शेठच्या तोंडावर!” कुणीतरी ओरडलं. शेठही हसत होते, पण आता बघत होते. मी भाऊंकडे पाहत होतो. भाऊ क्षणभर थांबले. एखादा श्वास घ्यावा एवढंच. मग धुडकूने मान लांब केली.

“बरं मेस्तरी, तुमनं नाव काय?”

“हां हां, बरोबर,” आबा हसून म्हणाले.

कुणी हसलं नाही. इतक्या माणसांच्या आवारात मला झेंडूच्या माळेवर घोंगावणारी माशी ऐकू आली. आबांनी डावीकडे पाहिलं, उजवीकडे पाहिलं. सगळ्यांचे ओठ मिटलेले होते. वाचायला काहीच नव्हतं. ते तसेच हसरं तोंड धरून उभे होते, कारण ते केव्हा मिटायचं हे त्यांना कळत नव्हतं.

दसऱ्यानंतर शेठने त्यांना यंत्रांवरून काढलं. बहिरा माणूस यंत्राजवळ नको, कुणाचा हात जायचा, असं कारण दिलं आणि ते खोटंही नव्हतं. आबांना मागच्या शेडमध्ये सरकी भरायला लावलं. भिंत पूर्वीसारखीच थरथरायची आणि जेवताना आबा भिंतीला तळहात लावून बसायचे. “डावी बेरिंग,” एकदा ते ताटाकडे बघत म्हणाले. त्यांना विचारायला आता कुणी येत नव्हतं.

कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी भाऊ घरी आले. मायने त्यांना उंबऱ्याबाहेरच अडवलं. “बाहुलाना तोंडघाई मना मानूसनी इज्जत लिधी तुमी! मास्तर शेतस तुमी? तुमना तोंडले कुलूप अन् लाकूड बोली राहिनं, आसं व्हय का कोठे?” भाऊ मान खाली घालून ऐकत राहिले. मी मायच्या मागे उभा होतो. एकदाच त्यांनी नजर वर करून माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या खिशात बहुधा ते अर्धं पान असेल. ‘ही तुमच्या पोराची चिठ्ठी आहे,’ एवढं एक वाक्य त्यांनी उच्चारलं असतं तर ते सुटले असते. ते काही न बोलता निघून गेले. त्या दिवशी आबांनी माझ्या समोर बसून विचारलं, “भाऊले मनं नाव कोनी दिधं रे?” मी ओठ नीट हलवून, त्यांना स्वच्छ वाचता येईल असं सांगितलं, “माहीत नही, आबा.”

त्या खोट्याला वाढवायला मला सूड लागला. भाऊ वाईट आहेत असं सिद्ध झालं तरच मी वाचत होतो. मी त्यांच्याकडे जाणं सोडलं, जळगावला मामाकडे राहिलो, दाल मिलमध्ये काम करता करता स्वतःचा बाहुला बनवला. राघो त्याचं नाव. बनवताना मनात एकच होतं, की हा एक दिवस धुडकूला खाईल. रविवारी टीव्हीवर भाऊ लागले की मी खुर्ची पुढे ओढून बसायचो. कुस्तीगीर दुसऱ्याच्या पायांकडे बघतो तसा मी त्यांच्या ओठांकडे बघायचो. एक चूक कर, एकच ब चुकव, म्हणत बघायचो. वर्षानुवर्षं त्या माणसाने एकही चूक केली नाही आणि त्याबद्दलही मी त्याच्यावर जळत राहिलो. मनात मी त्यांना कितीतरी वेळा स्टेजवर उभं केलं, तीन प्रश्न विचारले आणि त्यांच्यासमोर ती शांतता पसरलेली पाहिली. त्या शांततेची चव मला लागली होती. दिवसभर डाळीची पोती उचलताना मी ती जिभेवर घोळवायचो. आता वाटतं, तेवढ्या मेहनतीत मी दुसरी कुठलीही विद्या शिकलो असतो.

मग दिवस फिरले. टीव्हीवर शंभर चॅनेलं आली, रविवारचा कार्यक्रम बंद झाला, गणपतीत बाहुल्यांऐवजी ऑर्केस्ट्रा लागायला लागले. मी पहूर, एरंडोल, मिळेल त्या गावात खेळ करत होतो आणि जिल्ह्यापुरतं माझं नाव झालं होतं. अशात जळगावच्या एका मंडळाने वामनभाऊंचा सत्कार ठरवला. नव्या एका चॅनेलची माणसं तो टिपायला येणार होती. चांगलं झालं तर भाऊंना नवा कार्यक्रम मिळणार होता. आणि भाऊंनी स्वतः आग्रह धरला की स्टेजवर त्यांच्यासोबत मधू हवा.

खेळाच्या दिवशी दुपारी अक्का, म्हणजे भाऊंच्या पत्नी, मला आतल्या खोलीत घेऊन गेल्या. त्यांनी डब्यातून माझ्यासाठी तुरीच्या डाळीचे वाफवलेले फुणके आणले होते. लहानपणी मी त्यांच्या हातचे कढीत बुडवून खायचो. माझ्या हातात डबा देत त्या हळूच म्हणाल्या, “मधू, सांभाळून घेजो रे यास्ले. पाऊसपानीमा तोंडवरथीन वारं गयं. उजवा ओठ ऱ्हास नही जागावर. म्हनीसन मिशी वाढाई. माईक तोंडपुढे धरतस, म्हनजे कोनले दिसत नही. कोनले सांगू नको, तू घरना शे म्हनीसन सांगी राहिनी.”

मी फुणके खाल्ले. चार खाल्ले. खाताना मला कळत होतं की इतकी वर्षं ज्याची वाट पाहिली ते आता माझ्या हातात आलं आहे, आणि तेही पहिल्यासारखंच, खबर म्हणून, घरच्या माणसाकडून.

स्टेजवर भाऊंनी माझी ओळख करून दिली. “हा माझा विद्यार्थी नाही, हा माझा मुलगा,” म्हणाले. टाळ्या झाल्या. दोन्ही बाहुल्यांची जुगलबंदी सुरू झाली. धुडकू जुना होता पण अजून तिखट होता. मग राघो मान वळवून भाऊंना म्हणाला, “भाऊ, तुमी माईकले इतला काब्र चिकटेल? गूळ लायेल शे का त्याले?”

लोक हसले. भाऊही हसले, पण त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मिशीच्या वर दोनच डोळे, आणि ते विचारत होते.

“ठेवा ना खाले माईक. हॉल बठ्ठा शांत शे. इतला मोठा कलाकार, माईक कसाले पाहिजे?”

लोक जोरात हसले, टाळ्या पिटायला लागले. “ठेवा, ठेवा!” असा गलका झाला. चॅनेलच्या माणसाने कॅमेरा पुढे आणला. भाऊंनी माईक खाली ठेवला. ठेवावाच लागला. या क्षणी मी थांबू शकत होतो. पुढचं वाक्य माझ्या तोंडात होतं आणि ते गिळता येत होतं. मला आबांचं ते हसरं तोंड दिसत होतं असं मी नंतर लोकांना सांगायचो. खरं असं आहे की मला काहीही दिसत नव्हतं. मला फक्त ती चव हवी होती.

“आते धुडकूले म्हना, मामाचा पोपट बोल.”

भाऊंनी धुडकूला छातीशी धरलं. तार ओढली. पहिल्याच म ला उजवा ओठ मिशीसकट उडाला, प ला पुन्हा उडाला. पुढच्या रांगेतलं एक पोरगं ओरडलं, “ते स्वतःच बोलताय!” मग हसू आलं आणि मग ते हसू एका जागी येऊन थांबलं. ती शांतता आली. मी इतकी वर्षं चाखलेली, अगदी तशीच. भाऊंनी धुडकूचा जबडा हाताने मिटवला, त्याला पेटीत निजवलं, पेटीची कडी लावली आणि लोकांना नमस्कार करून ते विंगेत गेले. तिथे अक्का उभ्या होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेबद्दल मला लिहिता येत नाही.

भाऊ पुन्हा कधी स्टेजवर गेले नाहीत. चॅनेलने मला बोलावलं. दोन वर्षं मी टीव्हीवर होतो, रविवारीच. धुळ्याला जाऊन मी आबांच्या समोर बसलो आणि सगळं सांगितलं, कसा माईक ठेवायला लावला, कसा ओठ उडाला. “वचपा काढा मी, आबा!” म्हणालो. आबा माझ्या ओठांकडे बघत होते. सगळं वाचून झाल्यावर त्यांनी मान तिरकी केली.

“हां हां, बरोबर,” म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून बसले.

यानंतरचं आयुष्य मी इथे लिहीत नाही. गेल्या हिवाळ्यात दोंडाईच्याला एका शाळेत माझा खेळ होता. पुढच्या रांगेत एक सात-आठ वर्षांची मुलगी होती. सगळी मुलं राघोकडे बघून हसत होती आणि ती एकटी माझ्या तोंडाकडे बघत होती. डोळे बारीक करून, काहीतरी शोधत. बाईंनी खुणेनेच मला कानाला हात लावून दाखवलं. मी खेळ मध्येच थांबवला. राघोला तसाच काखेत मारून मी खाली उतरलो आणि मिळाली ती गाडी पकडून धुळ्याला गेलो.

भाऊंनी दार उघडलं. मिशी काढून टाकलेली होती. ओठ आता कायमचाच एका बाजूला कललेला. अक्का गेल्या त्याला तीन वर्षं झाली, हे मला तिथे भिंतीवरचा हार बघून कळलं. मी राघोची पेटी मांडीवर घेऊन बसलो आणि माझा हात नकळत कडीकडे गेला.

“ते नको,” भाऊ म्हणाले. “तुझ्या तोंडाने बोल.”

मी सांगितलं. पान, पाचवी ओळ, मायच्या मागे उभं राहणं, फुणके. माफी मागितली. भाऊंनी मध्ये एकदाही अडवलं नाही.

“अक्षर माझ्या ओळखीचं होतं,” शेवटी ते म्हणाले. “तुझ्या मायसमोर तुझं नाव घेतलं असतं तर तुला घर राहिलं नसतं. म्हणून गप्प बसलो. पण त्यातही फार चांगुलपणा नव्हता रे. मधू, तुझ्या बापाला ऐकू येत नाही हे मला दुसऱ्याच प्रश्नाला कळलं होतं.”

मी पेटीवरचा हात काढून घेतला.

“सगळं आवार हसत होतं. आणि तिसरा राहिला होता.” त्यांनी कललेला ओठ पंच्याने टिपला. “थांबवायला हवं हे तुलाही कळलं होतं ना? तिसऱ्याच्या आधी?”

“हो, भाऊ.”

“मग आपण दोघं एकाच शाळेतले.” ते हसल्यासारखं काहीतरी होतं. “बापाला सांगितलंस?”

“नाही.”

“मग माझ्याकडे कशाला आलास आधी? जा. अन् ही पेटी इथेच राहू दे. हातात असली की तुला सवय आहे.”

आबा आता माझ्याकडे जळगावला असतात. त्यांना कानाचं यंत्र आणून दिलं होतं. ते लावलं की डोक्यात जिनिंग सुरू होतं म्हणतात, म्हणून ते डबीत पडून आहे. मी पोचलो तेव्हा ते अंगणात उन्हाला बसून तुरीच्या शेंगा सोलत होते. मी त्यांची बाही ओढली. माझ्या तोंडावर ऊन पडेल अशा बाजूला खुर्ची ओढली आणि बसलो.

“आबा, खंडेनवमीना दिवशी भाऊले तुमनं नाव मी दिधं व्हतं. चिठ्ठी मनी व्हती. तुमी इचारं, तवय मी खोटं बोलनू. भाऊनी चूक नही, मनी चूक शे. माले माफ करा.”

आबांची नजर माझ्या ओठांवर होती. हातातली शेंग अर्धी सोललेली. मी मान तिरकी होण्याची वाट पाहत होतो. ते ठरलेले शब्द आले असते तरी मी ते घेऊन उठलो असतो. माझी तेवढीच लायकी होती. पण मान सरळच राहिली. त्यांनी शेंग सुपात ठेवली, पुढे वाकले आणि माझी हनुवटी धरून माझं तोंड थोडं आणखी उजेडाकडे वळवलं.

“परत सांग,” म्हणाले.

माझ्या आठवणीत माझ्या बापाने आजवर कुणालाही, घरात किंवा बाहेर, परत सांग म्हटलं नव्हतं. त्यांना कळलं नव्हतं की कळूनही पुन्हा हवं होतं, हे मी विचारलं नाही. मी ओठ मोठे हलवून, एकेक शब्द वेगळा करून, पहिल्यापासून सांगायला लागलो.

“आबा, चिठ्ठी मनी व्हती. माले माफ करा.”